थोरल्याचा आवाज

धाकट्याचा चेहरा कुणाला माहीत नव्हता, आणि त्याच्या धंद्यात तो माहीत असण्याची गरजही नव्हती. दक्षिणेतले सिनेमे हिंदीत यायचे तेव्हा तिथल्या एका मिशीवाल्या नटाच्या तोंडी जो आवाज असायचा, तो धाकट्याचा. अकरा वर्षं तो हेच करत होता. दुपारी टीव्हीवर लागणारे ते सिनेमे. एका ठोशात दहा माणसं उडायची, जीप हवेत दोन गिरक्या घेऊन चारही चाकांवर उभी राहायची. लोक जेवता जेवता बघायचे, हसायचे आणि हात धुवायला उठायचे.

धाकटा मात्र ते जीव ओतून करायचा. स्टुडिओ एका इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावर होता. खाली टायरचं दुकान, त्यामुळे जिन्यात कायम रबराचा वास. आत चार पावलांची काचेची खोली, भिंतींना काळा स्पंज, समोर पडदा, मध्ये माइक. रेकॉर्डिंग चालू असताना पंखा बंद, कारण त्याची घरघर माइकमध्ये यायची. बनियनवर उभा राहून, घामाने निथळत, धाकटा त्या मिशीवाल्यासाठी प्रेम करायचा, रडायचा, गर्जना करायचा.

त्याचा थोरला भाऊ हिंदीतला हीरो होता. पहिल्या रांगेतला नव्हे, पण दुसऱ्या रांगेत पहिला. बर्फाचे डोंगर, अंगात स्वेटर, हातात गिटार, असल्या प्रेमकथा त्याच्या चालायच्या. दोघांच्या नाकाडोळ्यांत फारसा फरक नव्हता. फक्त लहानपणी स्टोव्हचा भडका उडून धाकट्याचा डावा गाल भाजला होता आणि कातडी ओठापर्यंत ओढली गेली होती. नट व्हायचं दोघांनाही होतं. थोरला झाला. धाकट्याने एकदा विषय काढला तेव्हा थोरला म्हणाला होता, "अरे, तुझ्यासारख्यांसाठीच तर माइकचा शोध लागलाय."

थोरल्याच्या बंगल्यावर दर रविवारी दुपारी जेवणं असायची. दिग्दर्शक, लेखक, निर्माते, त्यांच्या बायका. धाकट्यालाही बोलावणं असायचं, आणि ते कशासाठी असायचं हे त्याला पक्कं माहीत होतं. पाहुण्यांची पोटं भरली की थोरला टाळी वाजवायचा.

"पोपट, चल, तुझ्या त्या मिशीवाल्याचं काहीतरी होऊन जाऊ दे."

मग धाकटा ताट हातात धरूनच उभा राहायचा आणि ओरडायचा. पाहुणे हसून हसून खोकायचे. एका रविवारी कुणीतरी मरणाची किंकाळी मागितली. धाकट्याने तीही मारली. थोरल्याने डोळे पुसले आणि म्हणाला, "माझ्या भावाने आत्तापर्यंत शंभर वेळा जीव दिलाय, पण एकदाही तोंड दाखवलेलं नाही!"

सगळे हसले. धाकट्याची मुलगी तेव्हा सहा वर्षांची होती. सगळे हसले म्हणून तीही हसली, टाळ्या वाजवत. घरी जाताना तिने विचारलं, "बाबा, ते तुला हसत होते का?"

"नाही गं. सिनेमाला."

बायको खिडकीबाहेर बघत राहिली. पुढच्या रविवारी ती डोकं दुखतंय म्हणून गेली नाही, नंतर गेलीच नाही. धाकटा मात्र जात राहिला. आई त्याच्याकडे राहायची, तिला आठवड्यातून एकदा थोरल्याला भेटायचं असायचं, आणि तिला घेऊन जायला दुसरं कुणी नव्हतं. थोरला त्यांच्याकडे कधी आलाच, तर खालून हॉर्न वाजवायचा. जिना चढून वर तो कधी आला नाही.

अशी वर्षं गेली. मग एका शुक्रवारी दोन सिनेमे एकदम लागले. एक थोरल्याचा, व्हायोलिन वाजवणाऱ्या प्रियकराचा. दुसरा मिशीवाल्याचा, आणि पहिल्यांदाच टीव्हीवर नाही तर थेट थिएटरमध्ये, मोठ्या शहरांत, हिंदीतून. थोरल्याने तर त्याची टरही उडवली होती. म्हणाला, लोक आता तिकीट काढून जेवायला बसणार वाटतं.

सोमवारपर्यंत थोरल्याचे निम्मे शो काढून मिशीवाल्याला दिले गेले. गुरुवारी उरलेलेही गेले. 'मी वाट बघत नाही, मी वाट लावतो' हे मिशीवाल्याचं वाक्य रिक्षांच्या पाठीवर रंगवलं गेलं, शाळांच्या मैदानांवर ओरडलं जाऊ लागलं. ते वाक्य ज्याच्या घशातून आलं होतं त्याला एका रेडिओ स्टेशनने मुलाखतीला बोलावलं. धाकटा आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या तोंडून स्वतःबद्दल बोलला. बोलताना त्याचा आवाज इतका बारीक झाला, की मुलाखत घेणारीने दोनदा माइक जवळ सरकवला.

त्यानंतर हिंदीवाल्यांची जी पळापळ झाली, ती बघण्यासारखी होती. रविवारी थोरल्याकडे जेवणारे निर्माते दक्षिणेतले दिग्दर्शक गाठायला विमानं पकडू लागले. गुळगुळीत दाढीचे हीरो दाढ्या वाढवू लागले. जो तो धुळीतून सावकाश चालत येऊ लागला. थोरल्यानेही दाढी वाढवून पाहिली, ती ठिगळं लावल्यासारखी आली. त्याच्या हातातले दोन सिनेमे बंद पडले. तिसऱ्याच्या निर्मात्याने गोष्ट तीच ठेवली, फक्त व्हायोलिनच्या जागी कुऱ्हाड घातली. थोरला कुऱ्हाड फुलदाणीसारखी धरायचा. आठ दिवसांत तोही बंद पडला.

रविवारची जेवणंही बंद झाली.

मग मिशीवाल्याच्या पुढच्या सिनेमात एक खलनायक हवा होता. हिंदी प्रेक्षकांच्या ओळखीचा चेहरा असावा म्हणून त्यांनी थोरल्याला विचारलं. त्याने एक दिवसही विचार केला नाही. तीन महिने तिकडे राहून आला, अंगाने बारीक होऊन, डोक्याचं टक्कल करून. टकलावर रंगवायच्या जखमेच्या खुणेसाठी त्याने खरंच केस काढले होते. आल्या आल्या धाकट्याला फोन केला.

"पोपट, आता तू आणि मी एकाच सिनेमात. माझं हिंदी मीच बोलणार. तुझ्या त्या टायरवाल्या खोलीत येतोय उद्या."

तो आला. जिना चढताना नाकाला रुमाल लावला होता. डबिंगच्या मॅडम, म्हणजे हिंदी आवाजांचं सगळं काम ज्या बघायच्या त्या बाई, दारापर्यंत सामोऱ्या गेल्या. सगळ्यांसाठी कॉफी मागवली. थोरला माइकसमोर उभा राहिला, पडद्यावर त्याचा पहिला प्रसंग सुरू झाला, आणि दहा मिनिटांत त्याच्या कपाळावर घाम आला.

घोळ असा होता, की सेटवर त्याला तिकडची भाषा जमली नव्हती. चार शब्द झाले की अडखळायचा. शेवटी तिकडच्या दिग्दर्शकाने त्याला सांगितलं, तोंडाला येईल ते बोला, अगदी आकडे म्हणा, आवाज आम्ही नंतर भरू. म्हणून तो मराठीत आकडे म्हणत सुटला होता. पडद्यावर तो डोळे लाल करून एका म्हाताऱ्याचा गळा धरायचा, आणि ओठ म्हणायचे, 'त्रेपन्न, चोपन्न, पंचावन्न.' आता त्या पंचावन्नवर हिंदी धमकी बसवायची होती. स्वतःच्या सिनेमात स्वतःचंच वाक्य पुन्हा बोलणं त्याने शेकडो वेळा केलं होतं. हे वेगळं होतं. तो बोलायला लागायचा तोवर ओठ थांबलेले असायचे. तो थांबायचा तेव्हा ओठ चालू असायचे.

संध्याकाळपर्यंत चार ओळी झाल्या. चहाच्या सुट्टीत थोरला धाकट्याजवळ येऊन बसला. इकडेतिकडे बघून हळूच म्हणाला, "तू कसं करतोस रे हे?"

या वेळी तो 'पोपट' म्हणाला नाही. इतक्या वर्षांत पहिल्यांदा त्याने धाकट्याला त्याच्या कामाबद्दल काही विचारलं होतं.

धाकट्याला ते पाच मिनिटांत शिकवता आलं असतं. ओठांकडे बघायचंच नसतं. ओठ हललेले दिसेपर्यंत उशीर झालेला असतो. गळ्याकडे बघायचं. माणूस बोलण्याआधी श्वास घेतो, गळ्याची घाटी वर जाते, तिच्याबरोबर आपणही श्वास घ्यायचा, की शब्द आपोआप वेळेवर पडतो. पहिल्या वर्षी एका म्हाताऱ्या आवाज-कलाकाराने हे त्याला जवळ बसवून सांगितलं होतं.

धाकट्याने कप खाली ठेवला. "ओठांकडे बघ, दादा," तो म्हणाला. "फक्त ओठ. बाकी कुठेच बघू नकोस. डोळे जरा जरी हलले तरी चुकशील."

"फक्त ओठ?"

"फक्त ओठ."

थोरल्याने मान डोलावली. दुसऱ्या दिवशी तो डोळे फाडून ओठांकडे बघत उभा राहिला आणि प्रत्येक ओळ अर्ध्या श्वासाने मागे पडत गेली. जितका जास्त बघायचा, तितका जास्त चुकायचा. दुपारनंतर घसा बसला. मॅडमनी गोड बोलून त्याला घरी पाठवलं. आम्ही मशीनवर नीट बसवू, काळजी करू नका, असं सांगितलं. तो खाली उतरल्यावर त्यांनी दोन्ही हातांनी डोकं धरलं.

"हे बसणार नाही. आणि तिकडून निरोप आलाय, आवाज मऊ आहे म्हणे. राक्षस गाणं म्हणतोय असं वाटतंय. आता ऐन वेळी कुणाला आणू मी?"

"मी करतो," धाकटा म्हणाला.

"तुम्ही हीरोला देताय आवाज! शेवटी दोघं समोरासमोर आहेत वीस मिनिटं."

"ऐकून तरी बघा."

तो काचेच्या खोलीत गेला आणि त्याने आवाज इतका खाली नेला, की रेकॉर्डिस्टने हातातला वडा ठेवून दिला. दगडावर दगड घासल्यासारखा आवाज होता तो. गळ्याची घाटी वर गेली की शब्द, खाली आली की शांतता. भावाच्या गळ्याकडे बघत तो दोन दिवसांत सगळी भूमिका बोलून मोकळा झाला. शेवटच्या मारामारीत आधी मिशीवाल्याकडून बोलला, मग थोरल्याकडून विव्हळला. मारणाराही तोच आणि मरणाराही तोच. मरणाची किंकाळी त्याने सात वेळा केली. मॅडम तिसऱ्यालाच ओके म्हणाल्या होत्या.

निघताना मॅडम म्हणाल्या, "तुमच्या भावाला मी कळवू की तुम्ही सांगाल?"

"मी सांगतो. घरचीच गोष्ट आहे."

त्याने सांगितलं नाही.

सिनेमा लागायच्या आदल्या दिवशी, सकाळी अकराला, काम केलेल्यांसाठी आणि त्यांच्या घरच्यांसाठी खेळ ठेवला होता. आईने यायचा हट्ट धरला. तिला काचबिंदू होता, पडद्यावर उजेड हलल्यासारखा दिसायचा, तेवढंच. पण दोन्ही मुलांचं काम एका सिनेमात, हे तिला चुकवायचं नव्हतं. नवी साडी नेसून ती दोघांच्या मध्ये बसली, दोन हातांत दोघांचे हात धरून. थोरल्याच्या पलीकडे वहिनी.

मिशीवाला बोलला तसा आईने धाकट्याचा हात दाबला. "हा तू."

"हो, आई."

वीस मिनिटांनी पडद्यावर थोरला आला. धुळीतून, सावकाश. टकलावरची खूण दिसली आणि मागच्या खुर्च्यांतून शिट्टी आली. थोरला खुर्चीत पुढे सरकला. पडद्यावरच्या त्याने तोंड उघडलं, आणि तो दगडी आवाज सगळ्या थिएटरभर पसरला. आणखी शिट्ट्या आल्या. कुणीतरी मागून 'वा!' म्हणालं.

थोरला हलला नाही. मग त्याने आईच्या डोक्यावरून धाकट्याकडे बघितलं. धाकटा पडद्याकडे बघत होता. त्याचा भाजलेला गाल थोरल्याच्या बाजूला होता.

आई जरा वेळ ऐकत राहिली. मग म्हणाली, "हाही तूच की रे."

बाहेरच्या कुणाला ते दोन आवाज एका माणसाचे वाटले नसते. तिला वाटले. तिचा आवाज मोठा होता, कमी दिसणाऱ्या माणसांचा होतो तसा. पुढच्या रांगेतल्या दोघांनी वळून बघितलं.

"हो, आई. मीच."

शेवटची मारामारी सुरू झाली. पडद्यावर दोघं चिखलात एकमेकांचा गळा धरून बोलत होते, आणि आई मान हलवत होती.

"अरे, तू एकटाच काय बोलतोयस मघापासून? स्वतःशीच का भांडतोयस?" आणि मग, काळजीने, "दादाचं काम कधी आहे? अर्ध्याहून जास्त झाला ना सिनेमा?"

वहिनीने पदर तोंडाला लावला. थोरल्याचा हात आईच्या हाताखाली तसाच होता. धाकटा आईच्या कानाशी वाकला आणि थोरल्याला नीट ऐकू जाईल इतक्या आवाजात म्हणाला, "येईल हं आता. ऐकत राहा."

ती ऐकत राहिली. किंकाळी आली, गाणं आलं, दिवे लागले. दादा आला नाही.

बाहेरच्या व्हरांड्यात लोकांनी थोरल्याला घेरलं. "काय आवाज लावलाय तुम्ही! कुठे लपवून ठेवला होता इतकी वर्षं?" थोरला 'थँक यू' म्हणत होता. पाचव्या की सहाव्या थँक यूला त्याचा मऊ आवाज चिरकला, तशी गर्दी जराशी पांगली.

सिनेमा तुफान चालला. खलनायकाचा बोलबाला हीरोपेक्षा जास्त झाला. विमानतळावर, हॉटेलात, सिग्नलला लोक थोरल्याला थांबवायचे आणि खलनायकाचं एखादं वाक्य म्हणायला लावायचे. तो म्हणायचा. लोकांचे चेहरे पडायचे. "तसं नाही हो, सिनेमातल्यासारखं!" एका कार्यक्रमात त्याने घशाचं दुखणं आहे म्हणून सांगितलं. मग ते दुखणं त्याला कायमचं सांगत राहावं लागलं. कुणी वाक्य मागितलं की तो गळ्याला हात लावून हसायचा.

चार महिन्यांनी तो धाकट्याकडे आला. हॉर्न वाजला नाही, दारावरची बेल वाजली. दोन खोल्यांचं घर त्याने दारातूनच सगळं बघून घेतलं. बायकोने पाणी आणून दिलं आणि ती आत गेली. आतल्या खोलीत आई पलंगावर होती, तिचा रेडिओ चालू होता.

"बोल," धाकटा म्हणाला.

"तिकडून तीन सिनेमे आलेत. तिन्ही मोठे." थोरल्याने ग्लास दोन्ही हातांत धरला होता. "त्यांची एक अट आहे. आवाज तोच पाहिजे. तू हो म्हणालास तरच मला घेणार, असं लेखी आहे. इकडे माझ्याकडे काहीही नाही, तुला माहीत आहे."

"माहीत आहे."

"करशील?"

धाकट्याने खुर्ची जवळ ओढली. मग म्हणाला, "दादा, तुला त्या दिवशी मी ओठांकडे बघायला सांगितलं होतं, आठवतं? ते चुकीचं होतं. गळ्याकडे बघायचं असतं."

थोरल्याला समजायला वेळ लागला. "विसरलास सांगायला?"

"नाही. मुद्दाम सांगितलं नाही."

आतला रेडिओ बंद झाला.

"म्हणजे मला जमलं असतं?"

"जमलं असतं की. दोन दिवसांत. आवाजही थोडा खाली आणता आला असता, मी बसवून घेतला असता. आता लोकांच्या कानात माझा बसलाय. आता उपयोग नाही."

थोरला उठेल, ग्लास फेकेल, निदान शिवी तरी देईल, असं धाकट्याला वाटत होतं. तो त्याची वाटच बघत होता. थोरल्याने ग्लास टेबलावर ठेवला, टेबल ओलं होऊ नये म्हणून खाली रुमाल सारला.

"ठीक आहे," तो म्हणाला. "पण करशील ना?"

धाकट्याने मुलीला हाक मारली. ती आता पंधरा वर्षांची होती. वही हातात घेऊन दारात आली.

"काका काहीतरी विचारतायत, ऐक. दादा, परत एकदा सांग. हिला समजू दे."

थोरल्याने पुतणीकडे बघितलं आणि खाली मान घालून म्हणाला, "तुझ्या बाबाशिवाय माझं चालणार नाही. त्याने माझ्यासाठी बोलावं, म्हणून विनंती करायला आलोय."

"कुणाशिवाय? तुझ्याकडे हिला पोपटाची मुलगी म्हणूनच ओळखतात."

"बाबा, पुरे," मुलगी म्हणाली. तिचा चेहरा लाल झाला होता. ती आत निघून गेली आणि दार लावलं.

भिंतीला हात लावत आई बाहेर आली. दोघंही उठून उभे राहिले. ती थोरल्याच्या दिशेने गेली, चाचपडत त्याचा दंड धरला.

"मला तुझ्याकडे घेऊन चल. आत्ताच्या आत्ता. मला इथे राहायचं नाही."

"आई, तुला तिकडे करमणार नाही," धाकटा म्हणाला. "इथे तुझी सवय आहे, औषधं आहेत."

"तू बोलू नकोस. तुझं बोलणं मी थिएटरात खूप ऐकलं." ती थोरल्याकडे वळली. "चल रे."

थोरल्याने धाकट्याकडे बघितलं. परवानगी मागावी तसं बघितलं. धाकट्याने मान हलवली नाही, हो म्हणाला नाही, नाही म्हणाला नाही. नुसता बघत राहिला.

"आई," थोरला म्हणाला, "शूटिंग सुरू होईल आता माझं. घर बंदच असतं. तू इथेच बरी आहेस. हा नीट बघतो ना तुझं."

आईचा हात त्याच्या दंडावर तसाच राहिला. मग तिने तो काढून घेतला. दोघंही धरायला पुढे झाले, तिने दोघांनाही झिडकारलं आणि भिंतीला हात लावत आत गेली.

"करतो मी," धाकटा म्हणाला. "तारखा मॅडमना कळव."

थोरला 'थँक यू' म्हणाला. दार ओढून घेताना आवाज होऊ नये याची त्याने काळजी घेतली.

तिन्ही सिनेमे झाले, तिन्ही चालले. धाकट्याला आता लोक चेहऱ्यानेही ओळखतात. मासिकात त्याचा फोटो आला होता, उजव्या बाजूने काढलेला. आई त्याच्याच घरी आहे. जेवायला नातीबरोबर बसते, औषध सुनेकडून मागून घेते. धाकटा खोलीत येऊन काही बोलला, की ती उत्तर देत नाही. त्याचा आवाज ज्या बाजूने आला असेल, तिकडे पाठ करून बसते.